मदत हवी आहे: नाओमी कावासेच्या सुरुवातीच्या डॉक्युमेंटऱ्या कुठे बघायला मिळतील?

नमस्कार मंडळी, जपानमधे राहणारं किंवा फिल्म सोसायटीत असणारं कुणी असेल तर प्लीज सांगा. मला नाओमी कावासे या जपानी दिग्दर्शिकेची १९९४ ची 'कातात्सुमोरी' सबटायटल्ससकट बघायचीय. ८ एमएमच्या छोट्या फिल्मवर शूट केलेली, जेमतेम ४० मिनिटांची. आईबाप लहानपणीच वेगळे झाले म्हणून तिला नात्यातल्या एका आजीने जपानमधल्या नारामधे वाढवलं, त्याच म्हातारीवर ही फिल्म आहे. स्टोरी अशी काहीच नाही, आजी परसात वाटाण्याच्या वेलांशी खुडबुड करतेय आणि ही कॅमेरा घेऊन मागे मागे. एक तुकडा मी कधीतरी पाहिला होता, ही घरातून खिडकीच्या काचेवर बोट फिरवते, बाहेर आजी, मग सरळ बाहेर जाऊन तिच्या गालाला हात लावते. अजून डोक्यातून जात नाही!

१९९७ ची 'सुझाकू' पण हवीय. ती फिक्शन आहे माहितीय, पण नाराच्याच डोंगरातल्या गावात, रेल्वे येणार येणार म्हणून बोगदा खणला आणि काम बंद पडलं असल्या ठिकाणची, आणि बरेचसे कलाकार नवखेच. त्यालाच कान फिल्म फेस्टिव्हलला कॅमेरा द'ऑर, म्हणजे दिग्दर्शकाच्या पहिल्या फीचर फिल्मसाठीचं बक्षीस, मिळालं.

यूट्यूबवरच्या धूसर कॉप्या नकोत. डीव्हीडी, स्ट्रीमिंग, पुण्या-मुंबईत कुठे स्क्रीनिंग, काहीही चालेल. आणि जपानी येणाऱ्यांनी एवढं सांगा, सबटायटल नसतील तर आजीचं बोलणं कितपत कळेल, की नाराकडची बोली फारच वेगळी पडते?