आनंद पटवर्धन आणि निघून न जाणारा कॅमेरा

आनंद पटवर्धन यांचे माहितीपट एकांगी असतात आणि चित्रीकरण आटोपले की दिग्दर्शकाचा त्या माणसांशी संबंध उरत नाही, या आक्षेपातील दुसरा भाग मला मुळीच पटत नाही.

मुंबईतील झोपड्यांच्या पाडकामावरील 'हमारा शहर' (१९८५) या माहितीपटात बेघर झालेली एक बाई आमची छायाचित्रे काढून आमचे काय भले होणार, असे कॅमेऱ्यासमोरच संतापून विचारते. तो प्रसंग कात्रीत सहज गेला असता, पण तो ठेवला गेला आणि मला तो साऱ्या चित्रपटातील सर्वांत प्रामाणिक क्षण वाटतो. याच चित्रपटात शाहीर विलास घोगरे यांचे गाणे आहे. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जणांचा बळी गेला आणि त्या धक्क्याने घोगरे यांनी जीवन संपवले. तेथून सुरू झालेले काम 'जय भीम कॉम्रेड'च्या (२०११) रूपाने पुरे व्हायला चौदा वर्षे लागली. ज्या गायकाचा आवाज एकदा टिपला, त्याच्या मरणाचा माग इतकी वर्षे घेणाऱ्यास निघून गेलेला कसे म्हणावे?

पहिल्या भागाविषयी एवढेच, की सिमंतिनी धुरू यांच्यासह केलेली 'अ नर्मदा डायरी' (१९९५) धरणग्रस्तांच्या बाजूने उभी आहे आणि ती बाजू कोठेही लपवत नाही. सरकारी प्रचारपटांत धरणाचे गुणगान भरपूर होते, बुडणाऱ्या गावांतील आदिवासींचे म्हणणे मात्र तेथे कोणी विचारलेले नव्हते.