मदत हवी आहे: क्रिकेटचा गेम लोगोनंतर काळ्या पडद्यावर अडकतो

रापण
गेम सुरूच होत नाहीये. डबल क्लिक केलं की लोगो येतो, मग पडदा काळा होतो आणि तिथेच अडकतो. टास्क मॅनेजरमधून मारावा लागतो. काढून परत टाकला, रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर केलं, कंपॅटिबिलिटीत जाऊन एक्सपी, विस्टा, सेव्हन सगळं लावून बघितलं. आधी मस्त चालत होता. गणपतीला चाकरमानी येतायत, वाडीतल्या पोरांची टुर्नामेंट ठरलीय आणि आता दिवस राहिले नाहीत. ज्याला नक्की माहीत आहे त्यानेच सांगा. 'गूगल करा' नको, ते करूनच इथे आलोय.

वाडीतलो_दादा
आधी गेम खंयचो तो सांग रे. विंडोज खंयची, लॅपटॉप केदवाचो, कायएक लिवलं नाय. नुसता 'अडकता' म्हटल्यार आमका हंयसून काय दिसतला?

रापण
क्रिकेटचा दादा, जुना, डीव्हीडीवाला. सगळे खेळतात तोच. विंडोज १०. लॅपटॉपचा प्रश्न नाही, बाकी सगळं चालतं.

खाडीकाठ
माझं मालवणला दुरुस्तीचं दुकान आहे, त्यामुळे अनुभवाने सांगतो. आपल्याकडे किनाऱ्यावर निम्म्या तक्रारी खाऱ्या हवेच्या असतात. बॅटरी काढा, मागचं झाकण उघडा, रॅम काढा. तिच्या सोनेरी पट्ट्यांवर खार बसतो, तो डोळ्यांना दिसत नाही. पांढरा खोडरबर घेऊन पट्ट्या हलक्या हाताने पुसा, चुरा फुंकून न टाकता ब्रशने झाडा आणि रॅम परत नीट दाबून बसवा. पावसाळ्यात तर हे करायलाच हवं. तौक्ते वादळानंतर, मे २०२१ मध्ये, माझ्या टेबलावर लॅपटॉपची रास लागली होती. त्यातले कितीतरी एवढ्यानेच सुरू झाले.

तिरफळ
ग्राफिक्स कार्ड कोणतं आहे? आता लॅपटॉप घेणार असाल तर निदान ४ जीबीचं वेगळं कार्ड आणि १६ जीबी रॅम बघा, एसएसडी तर हवीच. बजेट सांगा, मी दोन-तीन मॉडेल सुचवतो. दिवाळीच्या सेलपर्यंत थांबता आलं तर उत्तम.

रापण
मला लॅपटॉप घ्यायचा नाहीये. गेम चालू करायचाय.

कातळ
जुने गेम नव्या विंडोजवर चालवायचा मला चांगलाच सराव आहे, म्हणून सांगतो. डीव्हीडीवरच्या त्या काळातल्या अनेक गेमना सेफडिस्क नावाचं कुलूप असायचं. २०१५ मध्ये विंडोज १० आली ती त्या कुलपाचा ड्रायव्हर वगळूनच. मग मूळ डीव्हीडी असली तरी गेम उघडत नाही. दुसरी गोष्ट, कंट्रोल पॅनलमध्ये विंडोज फीचर्स उघडून लेगसी कंपोनंट्सखाली डायरेक्टप्लेवर (जुन्या गेमना लागणारा विंडोजचा एक भाग) टिक करा. आणि डायरेक्टएक्सचा, म्हणजे गेमना चित्र-आवाजासाठी लागणाऱ्या फायलींचा, जून २०१० चा संच टाका. विंडोज १० मध्ये डायरेक्टएक्स १२ असलं तरी जुन्या गेमना लागणाऱ्या नवव्या आवृत्तीच्या बऱ्याच फायली त्यात नसतात. माझे बहुतेक गेम या दोन गोष्टींनी सुरू झाले.

खाडीकाठ
कातळ, हे सगळं सॉफ्टवेअरचं झालं. मशीनच ओलं असेल तर कितीही संच टाका. डीव्हीडीसुद्धा उजेडात धरून बघा म्हणावं. आमच्याकडे पावसात डिस्कवर बुरशीची जाळी धरते. इन्स्टॉल होताना एखादी फाइल अर्धवट वाचली जाते आणि ते कळतही नाही.

कातळ
बुरशीचं मान्य, ते बघायलाच हवं. पण लॅपटॉपवर बाकी सगळं चालतंय असं तो म्हणतोय. रॅम खराब असती तर निळा पडदा आला असता, ब्राउझर बंद पडला असता. एकच गेम, तोही रोज त्याच जागी कसा अडकेल?

खाडीकाठ
काम करणाऱ्याला विचारा. रॅमचे नखरे मी रोज बघतो.

वाडीतलो_दादा
व्होल्टेजचा पण बघ रे. आमच्याकडे सांजचे सात वाजले की दिवो पिवळो पडता. माझो अॅडाप्टर तसोच गेलो. स्टॅबिलायझर घे, आणि वीज गडगडली की पिन भायर काढ. इन्व्हर्टरार लॅपटॉप लावतंस काय?

निसर्गवारा
दापोलीकडे पण हेच. जून २०२० च्या निसर्ग वादळानंतर आमच्या गावात कितीतरी दिवस अंधार होता, मोबाइल चार्ज करायला लोक ट्रॅक्टरची बॅटरी वापरत होते. इन्व्हर्टर घेताना बॅटरी ट्युब्युलरच घ्या, आणि पाणी दर महिन्याला बघा. लोक नळाचं पाणी घालतात, तसं करू नका, डिस्टिल्डच घाला.

रापण
इन्व्हर्टरचं नंतर बघू हो. डायरेक्टप्ले टाकलं, जून २०१० वालं पण टाकलं. फरक शून्य. डीव्हीडी स्वच्छ आहे. रॅम उघडणार नाही, बाबा ओरडतील.

सुरंगी
रापण, तीन गोष्टी सांग. एक, 'आधी चालत होता' म्हणजे याच लॅपटॉपवर का, आणि त्यानंतर काय बदललं? 'काहीच नाही' म्हणू नकोस, काहीतरी बदललेलं असतंच. दोन, गेम अडकलेला असताना टास्क मॅनेजरमध्ये त्याच्या ओळीत सीपीयू किती आणि डिस्क किती दाखवतं? काळ्या पडद्यामागे टास्क मॅनेजर दिसत नसेल तर आधी त्याच्या ऑप्शन्समध्ये ऑल्वेज ऑन टॉप कर, मग गेम लाव. तीन, परफॉर्मन्समध्ये सीपीयूवर जा, लॉजिकल प्रोसेसर्स, म्हणजे सीपीयूचे एका वेळी काम करणारे भाग, किती लिहिलेत ते बघ.

रापण
याच लॅपटॉपवर चालत होता. तेव्हा सेव्हन होती. मे महिन्यात कुडाळला नेऊन विंडोज १० टाकून घेतली, त्यानंतर गेम आत्ता पहिल्यांदाच टाकला. सीपीयू २५ वर आहे, हलतच नाही. डिस्क ०. लॉजिकल प्रोसेसर्स ४.

कातळ
बघा! सेव्हनवर चालत होता, दहावर नाही. मी म्हणालो तेच, सेफडिस्क.

सुरंगी
कातळ, तसं असतं तर लोगो दिसलाच नसता. कुलूप गेमच्या दारात असतं, ते अडलं तर आतला गेम सुरूच होत नाही. इथे गेम सुरू होऊन लोगो दाखवतोय आणि त्यानंतर फसतोय.

आता आकडे बघा. चार लॉजिकल प्रोसेसर, त्यातला एक पूर्ण गुंतला की टास्क मॅनेजर २५ टक्के दाखवतो. म्हणजे गेम बंद पडलेला नाही, एकाच जागी गरगर फिरतोय. काहीतरी करू बघतोय, ते होत नाही आणि तो पुन्हा तेच करतोय. डिस्क शून्यावर, म्हणजे फाइल वाचायला वेळ लागतोय असंही नाही. डिस्क मरायला आली असती तर उलट दिसलं असतं: डिस्क शंभरच्या आसपास आणि सीपीयू निवांत. खाडीकाठ काका, म्हणूनच मला हे मशीनचं दुखणं वाटत नाही. खारी हवा खरीच आहे, माझ्या माहेरी रत्नागिरीला आम्हीही तेच भोगतो, पण ती एकाच गेमला नेमकी लोगोनंतर गाठणार नाही.

रापण, आता दोनच गोष्टी. डॉक्युमेंट्समध्ये त्या गेमच्या नावाचा फोल्डर तयार झालाय का? आणि विंडोज १० टाकताना खात्याला नाव काय दिलंय? जसं दिसतं तसंच लिही.

रापण
डॉक्युमेंट्समध्ये गेमचा फोल्डर नाही. सेव्हनवर होता, आठवतंय. खात्याचं नाव 'रवळनाथ'. असंच देवनागरीत. बाबांनी दुकानात बसून हौसेने टाकून घेतलं, लॅपटॉप उघडला की समोर ग्रामदेवतेचं नाव दिसतं. त्याचा गेमशी काय संबंध?

सुरंगी
तिथेच गाठ आहे. खातं उघडताना जे नाव दिलं त्याच नावाने विंडोज सी ड्राइव्हमधल्या यूजर्समध्ये फोल्डर बनवते आणि तुझं डॉक्युमेंट्स त्याच्या पोटात असतं. खातं मायक्रोसॉफ्टच्या ईमेलने उघडलं असतं तर फोल्डरला ईमेलची पहिली पाच अक्षरं लागली असती आणि हा घोळ झालाच नसता. दुकानात नेटशिवाय लोकल खातं उघडलं असणार, म्हणून फोल्डरचं नाव थेट 'रवळनाथ' झालं.

विंडोजला ते वाचता येतं, २००० सालापासून तिच्यात देवनागरी आहे. पण त्या काळातले बरेच गेम फायलींचा पत्ता जुन्या पद्धतीने, एका ठरावीक कोडपेजमधून, म्हणजे एखाद्या लिपीच्या अक्षरांच्या जुन्या तक्त्यातून, मागतात. रशियनला, ग्रीकला असं कोडपेज आहे. देवनागरीला विंडोजने ते कधी दिलंच नाही, आपली लिपी तिथे फक्त युनिकोडमधूनच, म्हणजे सगळ्या लिप्यांच्या एकाच सामाईक तक्त्यातून, येते. मग अशा गेमला पत्त्यात प्रत्येक खुणेजागी प्रश्नचिन्ह मिळतं. र, व, ळ, न, काना, थ, अशी सहा प्रश्नचिन्हं. आणि फोल्डरच्या किंवा फाइलच्या नावात प्रश्नचिन्ह विंडोजला चालतच नाही. लोगोनंतर गेम सेटिंग्जची फाइल शोधतो, नाही म्हणून बनवायला जातो, ती बनत नाही, परत शोधतो. तुझे २५ टक्के तिथे जळतायत. ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवलं तरी खातं तेच, पत्ता तोच.

तिरफळ
म्हणून मी नेहमी सांगतो, कॉम्प्युटरवर मराठी टाकायचंच कशाला? सगळं इंग्रजीत ठेवा, कटकट नाही.

सुरंगी
नाही, हे मला अजिबात पटत नाही. चूक नावाची नाही. ज्यांनी गेम लिहिला त्यांनी युनिकोडची वाट सोडून जुनी धरली, ही त्यांची उणीव. आजचे प्रोग्राम याच फोल्डरमधून बिनबोभाट चालतायत, रापण स्वतःच म्हणाला बाकी सगळं चालतं. एका जुन्या गेमसाठी आपण आपल्या यंत्रावरून आपली लिपी का पुसायची?

कातळ
हे माझ्या डोक्यात आलं नव्हतं. मग त्याला सोपा उपाय आहे. कंट्रोल पॅनलमध्ये रीजन, ॲडमिनिस्ट्रेटिव्ह, चेंज सिस्टिम लोकेल, तिथे युटीएफ-८ (युनिकोडचीच एक पद्धत) वापरण्याची बीटा टिक आहे, २०१८ पासून. ती लावून रीस्टार्ट करा. जुन्या प्रोग्रामनाही देवनागरी पत्ता मिळतो.

सुरंगी
तोही मार्ग आहे, पण ती टिक अख्ख्या मशीनला लागते. रापण, त्या लॅपटॉपवर जुन्या मराठी फॉन्टांचं काही काम चालतं का? युनिकोडच्या आधीचे, की दाबली की इंग्रजी अक्षराजागी मराठी उमटतं तसले?

रापण
हो, बाबा लग्नपत्रिका आणि बॅनर करतात. सगळं त्याच जुन्या फॉन्टात. गणपतीचे बॅनर आत्ता चालूच आहेत.

सुरंगी
मग त्या टिकेला हातसुद्धा लावू नकोस. ते प्रोग्राम जुन्या कोडपेजवर उभे असतात, अर्धी अक्षरं वेडीवाकडी दिसू शकतात. ऐन हंगामात बाबांचं काम अडेल.

तू फक्त दुसरं खातं उघड. सेटिंग्ज, अकाउंट्स, फॅमिली अँड अदर यूजर्स, तिथे ॲड समवन एल्स. ईमेल मागेल, तेव्हा त्या व्यक्तीची माहिती नाही असं निवड आणि पुढच्या पानावर मायक्रोसॉफ्ट अकाउंटशिवाय. नाव इंग्रजी अक्षरांत दे, आखूड, मधे जागा न सोडता. त्या खात्यात शिरून गेम थेट त्याच्या फोल्डरमधून चालव. परत इन्स्टॉल करायची गरज पडू नये. जुन्या खात्याचं नाव बदलत बसू नकोस. नाव बदललं तरी आतला फोल्डर तोच राहतो, आणि तो फोल्डर हाताने बदलायला गेलास तर बाबांच्या फायली गोत्यात येतील.

खाडीकाठ
खात्याच्या नावाने गेम अडकतो हे मी दुकानात कधी पाहिलं नाही. तरी करून बघ बाबा. नाही झालं तर गणपतीआधी लॅपटॉप मालवणला घेऊन ये, पैसे घेणार नाही.

रापण
चालला!! नवीन खात्यातून पहिल्याच फटक्यात मेनू आला. डॉक्युमेंट्समध्ये फोल्डर पण बनला. सुरंगीताई, खूप खूप आभार. कातळदादा, तुमचं डायरेक्टप्ले तसंच ठेवू की काढू? आणि एक राहिलं, बाबा विचारतायत की या खात्यालाही देवाचं नाव देता येईल का, इंग्रजी नाव त्यांना बघवत नाही.

कातळ
डायरेक्टप्ले राहू दे, त्रास काही नाही. दुसरा जुना गेम टाकलास तर कामाला येईल.

सुरंगी
बाबांना सांग, खुशाल द्या. फोल्डर इंग्रजीत एकदा बनला की तो बदलत नाही. आता कंट्रोल पॅनलमध्ये यूजर अकाउंट्स उघड, चेंज अकाउंट नेम कर आणि देवनागरीत लिही. 'रवळनाथ' आधीच घेतलेलं आहे, तेच नाव दोन खात्यांना चालणार नाही. दुसरं काहीतरी दे.

रापण
'सातेरी' दिलं. पडद्यावर मराठीत दिसतंय आणि गेमही चालतोय. बाबा खूश.

वाडीतलो_दादा
आता टुर्नामेंटीचा सांग. भायरच्या वाडीतल्यांका घेतंस काय? आमची दोन पोरां तयार आसत. आणि जॉयस्टिक किती आसत तुझ्याकडे?

रापण
एकच आहे दादा. दुसरा कीबोर्डवर खेळेल. तुमच्याकडे असेल तर पोरांबरोबर पाठवा, नावं लिहून घेतो.

तिरफळ
माझ्या मोबाइलवर पण एक गेम असाच लोगोवर अडकतो. त्यालाही हाच उपाय का?

सुरंगी
नाही, मोबाइलचं वेगळं. नवीन धागा काढा आणि पहिल्याच पोस्टमध्ये फोनचं मॉडेल, अँड्रॉइडची आवृत्ती, किती जागा मोकळी आहे आणि गेम नेमका कधीपासून अडकायला लागला ते लिहा.