केरळ पासिंगची बस, कामगार कल्याण निधीची थकबाकी कोणाची?

मदत हवी आहे. पुण्यात चालवायला केरळ पासिंगची सेकंडहँड टुरिस्ट बस घेतली. एमएच १२ करायला तिकडची एनओसी, म्हणजे फॉर्म २८, हवी. तिथे १९८५ च्या कायद्याचा मोटार कामगार कल्याण निधी आहे, त्यात मालकाला ड्रायव्हर वगैरे कामगारांसाठी वर्गणी भरावी लागते. त्याची पावती नसेल तर टॅक्स घेत नाहीत, आणि टॅक्सशिवाय एनओसी कुठली! निधीची थकबाकी माझ्या खरेदीच्या आधीची आहे. आधीचा मालक म्हणतो, बस उभीच होती, ड्रायव्हर नव्हता. एजंटचं एकच, भरून मोकळे व्हा. लोन नाही, इन्शुरन्स चालू आहे. टॅक्सची बाकी गाडीसोबत येते हे माहीत आहे, पण निधीचीही येते का? आणि बस उभी असल्याचा जी-फॉर्म आधी भरलेला असेल तर त्या काळाची वर्गणी माफ होते का?