जाग येताना आधी कोण जागं होतं? (अनुभव धागा)

झोप सरलेली असते, पण पुरती जाग आलेली नसते. तेवढ्यात 'मी' असते, मात्र नाव, वय, घर यांतलं काहीच आठवत नसतं. मांडूक्य उपनिषदात जागृती, स्वप्न, सुषुप्ती म्हणजे गाढ झोप, आणि या तिन्हींपलीकडची चौथी अवस्था, तुरीया, सांगितली आहे. मला ओढ आहे ती त्यांच्यामधल्या सांध्याची. मुंबईत झोप तुकड्यातुकड्यांनी मिळते, म्हणून इथल्यांनाच विचारते. त्या वेळी तुम्ही कोण असता?

वरळी
बीडीडी चाळीतल्या १६० चौरस फुटांतून नव्या इमारतीत ५०० चौरस फुटांत आलो. पहाटे अजून दार डाव्या हाताला असतं आणि उशाशी आजीचा खोकला. हात लांबवला की भिंत लागते. मग एकेक आठवतं: आजी कधीच गेली, आणि मी दोन मुलांचा बाप आहे.

डोंबिवली
लग्नात माझं नाव बदललं. आधारपासून ऑफिसपर्यंत तेच, आणि मला ते आवडतंही. पण दुपारी डोळा लागलेला असताना ह्यांनी त्या नावाने हाक मारली, तर दुसऱ्याच कुणाला बोलावतायत असं वाटतं. आई गेल्यापासून माहेरच्या नावाने हाक मारणारं कुणी उरलं नाही. जाग येताना मात्र मी तीच असते, दापोलीच्या घरातली, परकर-पोलक्यातली. मग पंख्याची घरघर ओळखू येते, डबे आठवतात, लोकल आठवते. ती मुलगी भास आहे असं मी मानत नाही. बाकीचं सगळं तिच्यावरच उभं आहे.

परळ, रात्रपाळीची नर्स
डुलकीतून उठवलं की हातपाय चालतात, पण निर्णय घेणारी मी अजून आलेली नसते. याला स्लीप इनर्शिया म्हणतात. मेंदूचा पुढचा, सारासार विचार करणारा भाग उशिरा जागा होतो. कधी १५ ते ३० मिनिटं जातात. म्हणून उठल्याउठल्या द्यायचा डोस मी दुसऱ्या सिस्टरकडून तपासून घेतेच.

विरार
खोली दिसते, बोट हलत नाही, छातीवर कुणी बसलंय. स्वप्नांच्या झोपेत स्नायू सैल पडलेले असतात आणि मन आधी जागं होतं, हे डॉक्टरांनी समजावलं तेव्हा भीती गेली. पण हे शरीर माझंच ना, हा प्रश्न राहिला.

धागाकर्ती
डोंबिवली, तुमचं वाचून आज आईला तिच्या माहेरच्या नावाने उठवलं. डोळे न उघडता लगेच 'ओ' म्हणाली! लोकलमध्ये गाढ झोपून नेमके आपल्या स्टेशनाआधी उठणाऱ्यांनीही लिहा ना, तुम्हाला उठवतं कोण?