प्रेअरी शैलीची घरे : पण माळरान कुठे आहे?

प्रश्न – रेघोटी

शिकागोलगतच्या ओक पार्क या उपनगरात फॉरेस्ट ॲव्हेन्यूवरील वास्तुकार फ्रँक लॉइड राइट यांची घरे नुकतीच बाहेरून पाहिली. मध्य-पश्चिम अमेरिकेतील अफाट, सपाट गवताळ प्रदेशावरून या शैलीला 'प्रेअरी' हे नाव मिळाले आणि त्या भूमीचा आडवेपणाच घरांत उतरला, असे सर्वत्र वाचायला मिळते. प्रत्यक्षात मात्र ही घरे आखीव रस्त्यांवर, मोठ्या झाडांच्या सावलीत, शेजारच्या घरांपासून हाकेच्या अंतरावर उभी आहेत. क्षितिज दिसायला तिथे वावच नाही. मग आडव्या रेषेचा एवढा आग्रह कशासाठी? शिवाय बहुतेक घरांचे पुढचे दार रस्त्यावरून चटकन सापडत नाही, ते का? आणि ही शैली म्हणजे केवळ राइट असे मानणे कितपत योग्य आहे? जाणकारांनी कृपया सविस्तर लिहावे.

प्रतिसाद – जोते

आपली शंका रास्त आहे. या घरांच्या मालकांत बहुतेक शिकागोचे उद्योजक आणि व्यावसायिक होते. माळावर राहणारा शेतकरी त्यांत जवळजवळ नव्हताच. त्यामुळे घरासमोर माळ होता की नाही, यापेक्षा आडवेपणा बांधकामात कसा आणला, हे पाहणे मला जास्त उपयोगाचे वाटते.

शिकागोच्या हाइड पार्क भागातील, १९१० मध्ये पूर्ण झालेले राइट यांचे रॉबी हाउस घ्या. कोपऱ्यावरचा भूखंड जेमतेम ६० फूट रुंद आणि १८० फूट लांब. त्यात वापरलेली 'रोमन' वीट जवळजवळ फूटभर लांब, पण उंचीला दीड इंचाहून किंचितच जास्त आहे. खरी करामत मात्र दरजांत, म्हणजे विटांमधल्या सांध्यांत आहे. उभ्या दरजा विटेच्याच रंगाच्या चुन्याने विटेच्या पृष्ठभागाबरोबर भरल्या आहेत, तर आडव्या दरजा फिकट रंगाच्या असून आत खोल कोरल्या आहेत. त्यामुळे उभी रेघ नाहीशी होते, आडव्या दरजेत सावली साठते, आणि काही पावले मागे सरल्यावर सुटी वीट न दिसता भिंतभर एकामागोमाग लांब रेषाच दिसतात. गवंड्याच्या हातून हे काम शेकडो फूट एकसारखे करून घेणे किती जिकिरीचे असेल, याची कल्पना बांधकाम करवून घेतलेल्या कोणालाही यावी.

फॉरेस्ट ॲव्हेन्यूवरील १९०२ च्या हर्टली हाउसमध्ये हाच परिणाम वेगळ्या रीतीने साधला आहे. तेथे विटांचे काही थर भिंतीबाहेर किंचित पुढे काढले आहेत, त्यामुळे ऊन तिरपे पडले की भिंतीवर पट्टे उमटतात. आपण त्या रस्त्यावर गेला होता, तेव्हा हे घर आपल्या नजरेस पडले असणारच.

छपराच्या रुंद वळचणीला व्यावहारिक कारणही आहे. शिकागोत जूनच्या अखेरीस भर दुपारी सूर्य सुमारे ७१ अंश उंचीवर असतो, तर डिसेंबरात तो जेमतेम २५ अंशांवर येतो. दक्षिणेच्या खिडक्यांवर छप्पर पुढे काढले की उन्हाळ्यातले ऊन बाहेर राहते आणि हिवाळ्यातले आत येते.

प्रतिसाद – उत्तरवाट

जोते यांचे दरजांविषयीचे विवेचन आवडले. वळचणीबद्दल मात्र थोडा मतभेद नोंदवतो. रॉबी हाउसचे छप्पर सर्वांत जास्त पुढे झेपावते ते पश्चिमेला, विटांच्या शेवटच्या आधारापासून सुमारे वीस फूट, आणि ती झेप आतल्या पोलादी तुळयांनी तोलली आहे. मावळतीचे ऊन इतक्या खालून येते की छपराने ते अडत नाही. दक्षिणेची वळचण उन्हासाठी असेल, पण पश्चिमेची झेप निखळ देखण्या परिणामासाठी आहे, आणि तसे म्हणण्यात मला काही कमीपणा दिसत नाही.

माळरान कुठेच नव्हते, हेही पूर्ण खरे नाही. हे घर बांधले तेव्हा त्याच्या दक्षिणेचे भूखंड मोकळे होते आणि दिवाणखान्यातून थेट मिडवे प्लेझन्सच्या मैदानापर्यंत नजर जात असे. पुढे भोवती इमारती उठल्या.

दाराचे कोडे आतल्या रचनेतून सुटते. रॉबी हाउसमध्ये तळमजल्यावर बिलियर्डची आणि मुलांच्या खेळाची खोली आहे. राहण्याचा मुख्य मजला त्याच्या वर असून तिथे दिवाणखाना आणि भोजनकक्ष यांच्यामध्ये भिंत नाही. फायरप्लेस आणि जिना यांचा एकच विटांचा गाभा मध्ये उभा आहे. बाहेरच्या सज्जाचा कठडा अशा उंचीचा ठेवला आहे की आतल्या माणसाला रस्ता दिसावा, पण रस्त्यावरच्याला आतला माणूस दिसू नये. घर आतून इतके मोकळे केल्यावर रस्त्यापासूनचा आडोसा बाहेरूनच मिळवावा लागतो, म्हणून दार उत्तरेला, मागच्या अंगाला गेले. आत शिरताना प्रथम ठेंगणी, अंधारी जागा लागते आणि जिना चढून वर आल्यावर एकदम उजेडाची लांबलचक खोली उघडते. हा नाट्यमय परिणाम राइट यांनी हेतुतः योजला होता, यात मला शंका नाही.

प्रतिसाद – पागोळी

ही शैली म्हणजे केवळ राइट का, या तिसऱ्या प्रश्नाचे माझे उत्तर 'नाही' असे आहे, आणि ते ठामपणे देते. शिकागोचे वास्तुकार लुई सलिव्हन यांच्या विचारांनी भारलेल्या तरुण वास्तुकारांचा तो एक मोठा गट होता. मॅरियन महोनी १८९४ मध्ये एमआयटीतून पदवीधर झाल्या आणि इलिनॉयमध्ये परवाना मिळवणाऱ्या पहिल्या महिला वास्तुकार ठरल्या. राइट यांच्या घरांच्या चित्रांचे जे आलेखसंपुट १९१०-११ मध्ये बर्लिनचे प्रकाशक वास्मुट यांनी छापले आणि ज्यामुळे युरोपात त्यांचा बोलबाला झाला, त्यातील अनेक चित्रांचे मूळ रेखाटन महोनींचे होते. झाडाझुडपांनी घराला वेढून टाकणारी ती जपानी वळणाची रेखाटने डोळ्यांपुढे आणा. आपण ज्याला राइट यांची दृष्टी म्हणतो, तिचा बराच भाग महोनींच्या हातातून उतरला आहे.

त्यांचे पती वॉल्टर बर्ली ग्रिफिन हेही राइट यांच्याच कार्यालयातले. १९१२ मध्ये त्यांनी ऑस्ट्रेलियाची राजधानी कॅनबेरा हिच्या आराखड्याची स्पर्धा जिंकली. त्या स्पर्धेची चित्रेही महोनींचीच. भारतीय वाचकांना कदाचित ठाऊक नसेल की ग्रिफिन १९३५ मध्ये विद्यापीठाच्या ग्रंथालयाच्या कामासाठी लखनौला आले, तिथे त्यांनी पायोनियर वृत्तपत्राची इमारत रेखली आणि १९३७ मध्ये लखनौतच त्यांचे निधन झाले. त्यांची कबर तिथेच आहे. मिनेसोटात पर्सेल आणि एल्म्सली या वास्तुकार जोडीने केलेले काम हा तर स्वतंत्र धाग्याचा विषय आहे.

रेघोटी

सर्वांचे मनःपूर्वक आभार. दरजांकडे मी पाहिलेच नव्हते. एवढी समर्थ शैली वीसेक वर्षांतच का ओसरली, एवढे कोणी सांगेल का? खर्च परवडेनासा झाला, हेच कारण असावे का?

प्रतिसाद – जोते

खर्च हे एकमेव कारण म्हणता येणार नाही. १९०१ च्या फेब्रुवारीत 'लेडीज होम जर्नल' या मासिकात राइट यांनी मध्यमवर्गीयांसाठी अशाच एका घराचा नमुना प्रसिद्ध केला होता आणि त्याचा अंदाजे खर्च ७,००० डॉलर सांगितला होता. रॉबी हाउसला जागा, बांधकाम व सामान मिळून सुमारे ५८,००० डॉलर लागले, पण ते या शैलीचे दुसरे टोक झाले. १९०९ मध्ये राइट ओक पार्क सोडून युरोपला गेले, ग्रिफिन दांपत्य ऑस्ट्रेलियाला गेले, पहिल्या महायुद्धाने घरबांधणी मंदावली, आणि युद्धानंतरच्या धनिकांना पूर्व किनाऱ्यावरच्या जुन्या वसाहतकालीन घरांची नक्कल अधिक प्रतिष्ठेची वाटू लागली. माझ्या मते हे शेवटचे कारण सर्वांत मोठे. उतरते छप्पर आणि रुंद वळचण एवढ्यापुरती ही शैली साध्या ठेकेदारांनी उचलली. मध्य-पश्चिमेतील सामान्य वस्त्यांत अशी चौकोनी, दुमजली घरे आजही गल्लोगल्ली दिसतात. त्यांत दरजा मात्र साध्याच असतात.